आधी हात, मग खरारा, शेवटी पाणी

नवा घोडा आला की लोकांचे हात त्याला आंघोळ घालायला शिवशिवतात. लांबून आलाय, धुळीने माखलाय, अंगाला वास येतोय, सगळं कबूल. पण त्याला जागा नवी, माणसं नवी, आणि वर अंगावर फुसफुसत येणारी पाण्याची नळी. त्या दिवशी त्याच्या डोक्यात जे बसतं ते काढायला नंतर फार वेळ जातो. धुळीला घाई नाही. अंगावर जखम किंवा गोचीड नसेल तर मी नव्या घोड्याला सुरुवातीचे काही दिवस नुसता हात लावते. मग खरारा, म्हणजे अंग घासून धूळ काढणं. पाणी सगळ्यात शेवटी.

या सगळ्या कामात घोडा तुमची एकच परीक्षा घेत असतो. त्याने ‘नको’ म्हटलं तर ते तुम्हाला कळतं का? कळतंय अशी त्याची खात्री पटली की पुढची निम्मी कामं आपोआप सोपी होतात.

‘नको’ म्हणायच्या त्याच्या पायऱ्या ठरलेल्या असतात. आधी हाताखालची कातडी थरथरते. मग तुमच्या बाजूचा कान मागे वळतो, नाकपुडीच्या वर सुरकुती पडते, ओठ आवळले जातात. शेपटी एकदाच झटकली जाते, तीही माशी नसताना. मान वर जाते, डोळ्याचं पांढरं दिसायला लागतं. एवढं सांगूनही कोणी ऐकलं नाही तर मग दात किंवा लाथ. ‘काही कारण नसताना लाथ मारली हो’ अशी तक्रार घेऊन कोणी आलं की मी विचारते, त्याआधी कान कुठे होते? बहुतेकांना सांगता येत नाही.

‘हो’ ओळखणं त्याहून सोपं. मान उतरते, खालचा ओठ सैल लोंबतो, डोळा अर्धा मिटतो. जागा नेमकी सापडली तर वरचा ओठ लांब होऊन वळवळायला लागतो आणि घोडा अंगाचा भार तुमच्या हातावर टाकतो. काही घोडे उलट तुम्हालाच खाजवायला बघतात, कारण कळपात ते एकमेकांना तसंच खाजवतात. त्याचे दात तुमच्या खांद्यापर्यंत पोचायच्या आत तोंड हळूच बाजूला करा. ओरडू नका, तो आपल्या परीने परतफेड करतोय.

जवळ जाणं आणि पहिला हात

घोड्याचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना असल्यामुळे त्याला जवळजवळ ३५० अंशांतलं दिसतं. दिसत नाही ते नेमकं कपाळासमोरचं आणि शेपटीच्या थेट मागचं. म्हणून समोरून सरळ चालत जाऊन कपाळावर हात ठेवणं, म्हणजे सगळे फोटोत करतात ते, सुरुवातीला करूच नका. खांद्याच्या दिशेने, तिरकं, काहीतरी बोलत जा. काय बोलता याला महत्त्व नाही, मी कामांची यादी म्हणते. हाताची मागची बाजू पुढे करा, त्याला हुंगू द्या. तोंड फिरवलं तर एक पाऊल मागे या आणि थांबा.

पहिला हात मानेच्या बुडाशी, आयाळ संपते आणि पाठ सुरू होते त्या उंचवट्यावर. घोडे एकमेकांना बहुतेक तिथेच खाजवतात. फ्रान्समधल्या कामार्ग जातीच्या घोड्यांवर केलेला एक अभ्यास १९९३ साली प्रसिद्ध झाला. या जागी खाजवल्यावर घोड्यांच्या हृदयाचे ठोके मंदावले, दुसऱ्या जागी खाजवून तसा परिणाम दिसला नाही. स्वस्थ उभ्या असलेल्या मोठ्या घोड्याचे ठोके मिनिटाला साधारण २८ ते ४४ असतात. जबड्याखालच्या कडेशी बोट ठेवून नाडी मोजायला शिकलात तर हा फरक तुम्हालाही लागेल.

बोटांनी खाजवा, थापा मारू नका. शाबासकीची जोरदार थाप माणसाला आवडते. घोडे एकमेकांना थापा मारताना मी तरी पाहिलेले नाहीत.

या दिवसांत त्याला बांधू नका. म्होरकी घालून दोर सैल हातात धरा, म्हणजे त्याला बाजूला होता येतं आणि परतही येता येतं. पुढे बांधायची वेळ आली की एका ओढीत सुटणारी गाठ मारा. आणि दोर हाताला गुंडाळायचा नाही. कधीच नाही, घोडा कितीही गरीब असला तरी. बिथरलेल्या घोड्यामागे फरपटत गेलेल्या माणसाचा हात एकदा पाहिला की हे परत सांगावं लागत नाही.

खरारा

सामान थोडंच लागतं: रबरी खरारा, एक कडक ब्रश, एक मऊ ब्रश, रुंद दातांचा कंगवा, खूर साफ करायची आकडी. लोखंडी खरारा ब्रशातली घाण काढायला ठेवा, अंगाला लावू नका.

प्रत्येक वस्तू आधी त्याला हुंगू द्या. मग रबरी खरारा मानेपासून गोल गोल फिरवत खांदा, बरगड्या आणि पुठ्ठा, म्हणजे मागचा गोल मांसल भाग. जिथे मांस आहे तिथेच. तोंड, पाठीचा कणा आणि गुडघ्याखालचा पाय यांच्या वाट्याला रबर जाऊ देऊ नका, तिथे मऊ ब्रश. वर आलेली धूळ कडक ब्रशने छोट्या छोट्या झटक्यांनी उडवायची, मग मऊ ब्रश केसांच्या दिशेने, जरा वजन टाकून. घोड्याला अंगावर माशी बसलेली कळते, त्यामुळे भीत भीत, हलक्या हाताने केलेला खरारा त्याला गुदगुल्यांसारखा छळतो. सावकाश आणि ठाम हात बरा.

आता खरी गोम. आमच्याकडे शेवंती नावाची घोडी आहे, रंगाने तेलिया, तब्येतीने भक्कम. खांद्यापर्यंत सगळं ठीक. ब्रश पुढच्या पायाच्या कोपरामागे, तंग (खोगिराचा पोटाखालचा पट्टा) आवळतात तिथे आला की कातडीवरून लाट गेल्यासारखी थरथर, आणि लगेच कान मागे. अशा वेळी माणसं दोनपैकी एक करतात. एकतर ‘काही होत नाही गं’ म्हणत घासत राहतात, नाहीतर तिने मान उडवली की दचकून हात काढतात. घासत राहिलात तर तुम्ही बहिरे आहात हे ती शिकते. मान उडवल्यावर हात काढलात तर मान उडवणं हा उपाय आहे हे शिकते.

मी थरथर सुरू होताच ब्रश तिथेच थांबवते. उचलत नाही, फक्त त्यातला जोर काढते. स्वतःचा श्वास सोडते. हाताखाली कातडी आधी ताठ लागते, मग शेवंती एक लांब श्वास घेते, बरगडी फुगून खाली बसते, कान सैल पडतो. नेमका त्या क्षणी हात काढायचा आणि मानेच्या बुडाशी जाऊन तिच्या आवडीचं खाजवायचं. मग परत त्या जागेकडे, या वेळी एखादं बोट पुढे. शांत राहिल्यावर हात निघतो, हे तिला कळायला हवं. आणि मोठा नकार यायच्या आत, पहिल्या थरथरीलाच थांबायला तुम्हाला जमायला हवं. त्या दिवशी तेवढंच झालं तर तेवढंच. उरलेला चिखल उद्यासाठी.

मात्र नेहमी खुशाल हात लावू देणारा घोडा अचानक एखादी जागा नको म्हणायला लागला तर तिथे शिकवायला जाऊ नका. खोगीर टोचत असेल, कातडीला काही झालं असेल, पाठ दुखत असेल. तंगाच्या जागेचा हळवेपणा पोटातल्या अल्सरमुळेही असू शकतो. आधी डॉक्टर.

डावीकडून सगळं जमलं म्हणजे उजवीकडूनही जमेल असं धरू नका. तिकडे पुन्हा मानेपासून सुरुवात करा. मागून पलीकडे जाताना एकतर हात पुठ्ठ्यावर ठेवून अगदी चिकटून जा, नाहीतर लाथ पोचणार नाही इतकं लांबून. मधलं अंतर सगळ्यात वाईट. पायाशी काम करताना ओणवं व्हा, गुडघे टेकून बसू नका.

खुरांचं थोडक्यात. हात खांद्यापासून पायाच्या मागच्या बाजूने खाली सरकवत न्या, खुराच्या वरच्या सांध्यापाशी हलकं दाबा, त्याने वजन काढलं की पाय उचला. पहिल्या काही वेळा क्षणभर धरून तुम्हीच खाली ठेवा, त्याने ओढून घ्यायच्या आत. आकडी टाचेकडून पुढे चालवायची. मधला त्रिकोणी, रबरासारखा भाग जिवंत असतो, तो खरवडू नका, दोन्ही बाजूंच्या खाचा साफ करा. काळपट ओल आणि कुजका वास आला तर खूर सडायला लागलाय.

शेपटीला बाजूला उभं राहून, आधी बोटांनी गुंता सोडवून, मग टोकाकडून वर. तोंडाला फक्त मऊ ब्रश किंवा कापड. आणि नाकाभोवतीच्या, डोळ्यांभोवतीच्या लांब मिशा देखणेपणासाठी कापू नका. तोंडासमोरच्या ज्या जागेत त्याला दिसत नाही तिथे तो या मिशांनी चाचपतो. आंतरराष्ट्रीय अश्वक्रीडा महासंघानेही १ जुलै २०२१ पासून मिशा कापलेल्या घोड्यांना स्पर्धेत बंदी घातली आहे.

पाणी

जागा मोकळी हवी, पाय न घसरणारी. भिंतीच्या कोपऱ्यात घोडा कोंडून नळी सोडली तर तो उभा राहील, पण ते घाबरून गोठणं असतं. मान वर ताठ, डोळा न मिटणारा, श्वास वरचेवर. असा घोडा ‘शहाणा’ म्हणून कौतुकाला पात्र होतो आणि एक दिवस दोर तोडून पळतो.

सुरुवात बादली आणि स्पंजने. आधी कोरडा स्पंज खांद्यावरून, मग ओलसर, मग निथळता. खराऱ्याचीच वाट पुन्हा चालायची, म्हणजे त्याला ती ओळखीची असते. पाणी कोमट घ्या. स्पंज दोन, वेगळ्या रंगांचे: एक तोंडाचा, एक शेपटीखालचा. रंग घोड्यासाठी नाहीत, तुमच्यासाठी आहेत. लाल आणि हिरवा यांतला फरक त्याला तसाही नीट कळत नाही.

नळीची ओळख लांबून. ती जमिनीवर वाहती ठेवा आणि घोड्याला सैल दोरावर तिच्या आसपास फिरू द्या. हुंगू दे, फुरफुरू दे. मग हलकी धार पुढच्या खुरावर. तो पाय उचलेल, बाजूला सरकेल. सरकताना धार त्याच खुरावर राहू द्या, तुम्हीही त्याच्याबरोबर गोल फिरा. खूर टेकून क्षणभर थांबला की धार लगेच बाजूला. इथेही तोच हिशेब, शांत राहिला की पाणी थांबतं. फक्त तो पार बिथरला तर हा हट्ट धरू नका, लांब जाऊन परत स्पंजवर या. खुरावरून गुडघा, मग खांदा, मग मान. पाठ आणि कंबर अगदी शेवटी. डोक्यावर नळी नाहीच, कानात पाणी गेलेलं घोडा विसरत नाही.

शाम्पू क्वचित, तोही घोड्यांचाच, बादलीत पातळ करून. खाली पडणारं पाणी स्वच्छ दिसेपर्यंत धुवा, उरलेला फेस खाज आणतो. घामेजलेल्या घोड्याच्या मांड्यांमध्ये दिसतो तो पांढरा फेस मात्र त्याचा स्वतःचा. त्याच्या घामात लॅथरिन नावाचं फेसाळ प्रथिन असतं, त्यामुळे घाम तेलकट केसांतून पसरतो.

धावून तापलेल्या घोड्यावर गार पाणी ओतलं तर स्नायू आखडतात, असं अजून सांगितलं जातं. १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकच्या निमित्ताने उष्ण हवेतल्या घोड्यांवर बराच अभ्यास झाला आणि ही भीती खोटी ठरली. तापलेल्या घोड्यावर गार पाणी भरपूर आणि पुन्हा पुन्हा ओता.

साध्या आंघोळीनंतर पाणी ओढून काढायच्या पट्टीने अंग निथळवा, पाय आणि खुरांच्या मागचे खळगे कापडाने टिपा, सुकेपर्यंत हातात धरून फिरवा. ओल्या अंगावर खोगीर नको, सतत ओल राहिली की कातडीवर खपल्या धरतात. त्यानंतर मोकळा सोडलात तर तो पहिली धूळ दिसेल तिथे लोळेल. सोडा. आंघोळ तुमच्या आवडीची होती, लोळणं त्याच्या.

तुमच्याशी जमलं म्हणून घोडा दुसऱ्याच्या हातीही तसाच उभा राहील असं नाही. त्या माणसाला आधी तुमच्या शेजारी उभं करा, मानेच्या बुडाशी खाजवायला लावा, कोणत्या जागी थरथर येते ते दाखवा. ब्रश मग द्या. नळी त्याच दिवशी देऊ नका.