संकलनाच्या टेबलावरून सेटवर जाताना

संकलकाने दिग्दर्शनाकडे वळावे का, हा वाद आता जुना झाला आहे. ‘सिटिझन केन’चे (१९४१) संकलन करणाऱ्या रॉबर्ट वाइज यांना १९४४ मध्ये, वेळापत्रकात मागे पडलेल्या एका दिग्दर्शकाच्या जागी, पहिल्यांदा दिग्दर्शनाची संधी मिळाली, बिमल रॉय यांच्याकडे संकलन करणाऱ्या हृषीकेश मुखर्जी यांचा दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट १९५७ मध्ये आला. वाट आहे, पण मी तिच्यावर पहिल्याच पावलाला ठेचकाळलो.

नऊ वर्षे इतरांचे रशेस, म्हणजे चित्रीकरणाचे न कापलेले तुकडे, पाहून मी पहिला लघुपट हाती घेतला, तेव्हा प्रत्येक दृश्य माझ्या डोक्यात आधीच कापून तयार होते आणि घात तिथेच झाला. वाक्य संपले की हवा तो तुकडा मिळाला असे समजून मी तत्क्षणी ‘कट’ म्हणत असे. टेकच्या मागेपुढे काही सेकंद जादा ठेवा, असे दिग्दर्शकांना ऐकवणारा मीच, पण सेटवर उशीर होऊ लागल्यावर ते सेकंद मला उधळपट्टी वाटले. भांडणाच्या दृश्यात ऐकणाऱ्या अभिनेत्रीचा शॉट मी दोन वाक्यांपुरताच घेतला, कारण डोक्यातल्या कटमध्ये ती तेवढीच दिसत होती. टेबलावर आल्यावर कळले की बोलणाऱ्याचा अभिनय मध्येच सैल पडतो आहे आणि तिच्याकडे वळायला माझ्याजवळ काहीच नाही. शिवाय वाक्य संपले म्हणून नट लगेच पात्रातून बाहेर येत नाही. त्या उरलेल्या दोन-तीन श्वासांत तो कोणीही न लिहिलेले काहीतरी करून जातो आणि नेमके तेच मी प्रत्येक टेकमध्ये चित्रित होण्याआधीच छाटले होते.

दुसरी उणीव नटांशी बोलण्यातली. ‘अर्धा सेकंद थांबा’ म्हटले की नट थांबतो. का थांबायचे हे मात्र त्याला उमगलेले नसते आणि ते पडद्यावर दिसते. मूळचे संकलक असलेले डेव्हिड लीन १९४२ मध्ये सहदिग्दर्शक झाले तेव्हा नटांची बाजू मुख्यतः त्यांचे जोडीदार दिग्दर्शक, नाटककार-अभिनेते नोएल कॉवर्ड यांच्याकडे होती, हे वाचून मला बराच धीर आला.

‘पुढच्या चित्रपटात तुला संधी देतो’ म्हणणाऱ्या ज्येष्ठांवर विसंबू नका. चांगल्या संकलकाला टेबलावरून उठू देणे कोणाच्याच सोयीचे नसते. त्यापेक्षा कमी मानधनात का होईना, एका चित्रपटासाठी स्क्रिप्ट सुपरवायझर (प्रत्येक टेकची आणि सातत्याची नोंद ठेवणारा) म्हणून सेटवर उभे राहा. घाबरण्याचे मात्र कारण नाही. उजेड सरत असताना पाच शॉट उरले, तर दृश्य त्यातल्या कोणत्या दोन शॉटवर उभे राहील हे तुम्हाला इतरांआधी कळते, आणि हे शिकवून येत नाही.

आपला चित्रपट आपणच संकलित करू नये, या मतावर मी हट्टाने ठाम आहे. दुसऱ्या लघुपटाच्या वेळी मी ‘कट’ म्हणण्याआधी मनात पाचपर्यंत आकडे मोजत असे. तो ज्या संकलिकेकडे सोपवला, तिने शेवटच्या दृश्यात वाक्य काढून टाकले आणि त्यानंतरचे ते पाच सेकंद तेवढे ठेवले.