सिकलसेलचा ‘वाहक’ म्हणजे नक्की कोण? या चुका टाळा

गडचिरोली, चंद्रपूर, नंदुरबार, मेळघाट या पट्ट्यात सिकलसेलची, म्हणजे लाल रक्तपेशी विळ्यासारख्या वाकवणाऱ्या आनुवंशिक आजाराची, तपासणी झाली की हातात एक कार्ड पडतं. त्यावर एए, एएस किंवा एसएस यांपैकी काहीतरी लिहिलेलं असतं. ‘एएस’ असेल तर आशाताई सांगतात, “तुम्ही वाहक आहात, घाबरायचं काही नाही, फक्त लग्नाच्या वेळी बघून घ्या.” सांगितलेलं बरोबरच असतं, पण घरी पोचेपर्यंत त्याचे तीन अर्थ झालेले असतात. सासू म्हणते सुनेला आजार आहे, शेजारीण म्हणते तिचं भांडं वेगळं ठेवा, आणि नवरा म्हणतो काहीच नाही, कार्ड ठेव पेटीत. तिन्ही चूक.

१ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातल्या शहडोलहून राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन मिशन सुरू झालं. चाळिशीपर्यंतच्या ७ कोटी लोकांची तपासणी हे त्याचं उद्दिष्ट. त्यामुळे ‘वाहक’ हा जनुकशास्त्रातला शब्द आता पाड्यापाड्यावर पोचला आहे. त्याचा अर्थ मात्र सगळीकडे पोचलेला नाही.

आधी थोडक्यात मूळ गोष्ट. हिमोग्लोबिनची बीटा साखळी बनवणारं जनुक ११व्या गुणसूत्रावर असतं. त्याच्या दोन प्रती प्रत्येकात असतात, एक आईकडून आलेली, एक वडिलांकडून. सिकलसेलमध्ये या जनुकातलं एकच अक्षर बदलतं आणि साखळीत सहाव्या जागी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन येऊन बसतं. दोन्ही प्रती बदललेल्या असतील तर एसएस, म्हणजे रुग्ण. एकच बदललेली असेल तर एएस, म्हणजे वाहक. वाहकाच्या प्रत्येक लाल पेशीत ए (नेहमीचं) आणि एस (बदललेलं) दोन्ही हिमोग्लोबिन असतात, ए जास्त, एस कमी, बहुधा ३५ ते ४० टक्के. एवढ्या एसमुळे रोजच्या जगण्यात पेशी विळ्यासारखी वाकत नाही. ‘वाहक’ हा शब्द मुख्यतः पुढच्या पिढीला काय जाऊ शकतं ते सांगतो. त्या माणसाची तब्येत कशी आहे हे तो जवळपास सांगतच नाही, आणि बहुतेक गोंधळ इथेच होतो.

अशक्तपणाचं खापर एएसवर फोडणं

ही चूक सगळ्यात महाग पडते. गरोदर बाई येते, हिमोग्लोबिन साडेआठ. घरचे आधीच सांगतात, “तिला सिकल आहे ना, म्हणून रक्त कमी.” कधीकधी दवाखान्यातही मान डोलावली जाते आणि लोहाच्या गोळ्या मागे पडतात. एएसमुळे रक्त कमी होत नाही. वाहकाचं हिमोग्लोबिन घसरलं असेल तर कारण दुसरीकडे शोधायचं: लोहाची कमतरता, जंत, पाळीत जास्त जाणारं रक्त, किंवा सोबतीला असलेला थॅलेसेमिया (हिमोग्लोबिन कमी बनण्याचा आनुवंशिक दोष). वाहकाला लोहाच्या गोळ्या वर्ज्य आहेत हाही असाच एक गैरसमज. कमतरता असेल तर गोळ्या इतरांसारख्याच घ्यायच्या.

आज एएस आहे, उद्या वाढून एसएस होईल ही भीतीही अनेकांच्या मनात असते. तसं होत नाही. जन्माला येताना जी जोडी मिळाली तीच शेवटपर्यंत राहते. कार्डावर आधी एएस आणि नंतर एसएस आलं असेल तर दोनपैकी एक तपासणी चुकली आहे, आजार वाढलेला नाही.

याची दुसरी बाजूही सांगायला हवी, कारण “वाहकाला काहीच होत नाही” हे वाक्य जरा जास्तच सैल सोडलं जातं. फार थोड्या वाहकांना, पण खात्रीने, काही त्रास होऊ शकतात. लघवीतून रक्त जाणं हा त्यातला नेहमी आढळणारा. फार उंचावर पोटाच्या डाव्या बाजूला, प्लीहेत, अचानक दुखू शकतं. डोळ्याला मार लागून आत रक्त साचलं तर ते लवकर दाखवावं लागतं. आणि उन्हात, पाणी न पिता, शरीराला सवय नसताना जीव तोडून धावलं तर स्नायू मोडून त्याचा ताण मूत्रपिंडावर येऊ शकतो. मे महिन्यात पोलीस भरतीसाठी धावणारी विदर्भातली पोरं डोळ्यांसमोर आणा. त्यांनी धावणं सोडायचं कारण नाही. सराव हळूहळू वाढवायचा, पाणी प्यायचं, स्नायू असह्य दुखले किंवा लघवी काळपट झाली तर ‘सहन कर’ म्हणणाऱ्या प्रशिक्षकाचं न ऐकता दवाखाना गाठायचा. मधुमेह असलेल्या वाहकाने एचबीए१सी (सुमारे तीन महिन्यांची सरासरी साखर) तपासताना आपण एएस असल्याचं लॅबला सांगावं. काही पद्धतींत हा आकडा चुकीचा येतो.

भांडं वेगळं ठेवणं

टायफॉइडचा वाहक, कावीळ ‘बी’चा वाहक हे शब्द लोकांच्या कानावर आधीपासून आहेत, तिथे वाहकाकडून दुसऱ्याला जंतू जातात. सिकलसेलच्या वाहकाकडे जंतू नसतो. त्याच्याकडून हे फक्त त्याच्या मुलांकडे जाऊ शकतं, तेही गर्भ राहतानाच. जेवण, कपडे, सहवास यांतून काही जात नाही. यावर जास्त लिहायची गरज नाही.

नळीतलं गढूळ पाणी पाहून ‘वाहक’ लिहून टाकणं

शिबिरात पहिली होते ती सोल्युबिलिटी टेस्ट. रसायनाच्या नळीत रक्ताचा थेंब टाकतात, काही मिनिटं थांबतात आणि नळीमागे काळ्या रेघांचा कागद धरतात. रेघा स्वच्छ दिसल्या तर निगेटिव्ह. द्रावण गढूळ होऊन रेघा दिसेनाशा झाल्या तर पॉझिटिव्ह. ही नळी एवढंच सांगते की रक्तात एस आहे. एकेरी आहे की दुहेरी, एएस की एसएस, हे तिला कळत नाही. म्हणून पॉझिटिव्ह आल्यावर इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी (हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करून दाखवणाऱ्या तपासण्या) केल्याशिवाय ‘वाहक’ हा शब्द उच्चारायचाच नाही. सहा महिन्यांच्या आतल्या बाळात एफ (गर्भातलं) हिमोग्लोबिन भरपूर आणि एस कमी असतं, तिथे ही टेस्ट निगेटिव्ह येऊन फसवते. रक्त फारच कमी असेल तरी फसवू शकते.

एचपीएलसीचा कागद आला तरी तो नीट वाचावा लागतो. समजा, ए ५८ टक्के, एस ३६ आणि ए२ (प्रत्येकात थोडंसं असणारं हिमोग्लोबिन) तीनच्या थोडं वर. ए जास्त, एस कमी, हा वाहक. आता दुसरा कागद घ्या: एस ६५, ए २०, ए२ साडेपाच. “ए दिसतंय ना, मग वाहकच” असं म्हणून हा कागद बाजूला सरकवला जातो. पण इथे एस हे ए पेक्षा जास्त आहे. रक्त दिलेलं नसेल तर हा माणूस वाहक नसून बहुधा सिकल-बीटा थॅलेसेमियाचा रुग्ण आहे. एका प्रतीत एस, दुसऱ्या प्रतीत थॅलेसेमियाचा बदल. त्याला दुखण्याचे झटके येऊ शकतात, उपचार लागतात. ‘वाहक’ लिहून घरी पाठवला तर पुढची कित्येक वर्षं त्याच्या दुखण्याला कुणी नावच देत नाही.

तिसरा कागद सगळ्यात फसवा. एसएस मुलाला रक्त चढवलं आणि पंधरा दिवसांत तपासणी केली. दात्याचं ए आत आलेलं, त्यामुळे कागद हुबेहूब वाहकासारखा दिसतो. लाल पेशी १२० दिवसांपर्यंत जगते, म्हणून रक्त दिल्यानंतर किमान तीन महिने थांबून तपासायचं, किंवा घाई असेल तर डीएनए तपासणी करायची. शिबिरात नाव-गाव-वय लिहून घेतात. त्याच रांगेत “गेल्या चार महिन्यांत रक्त चढवलंय का?” हा प्रश्न विचारला, तर ही चूक तिथेच पकडता येते.

चारातला एक, म्हणून पुढचे तिघे बरे

नवरा-बायको दोघेही एएस असतील तर प्रत्येक गरोदरपणात बाळ एसएस होण्याची शक्यता २५ टक्के, एएस ५०, एए २५. यातला ‘प्रत्येक’ हा शब्द लोकांच्या कानावरून निसटतो. पहिलं मूल एसएस झालं म्हणजे वाटा भरला, आता पुढची तिघं बरी, असा हिशेब मांडला जातो. निसर्ग मागची वही उघडून बघत नाही. दुसऱ्या वेळी पुन्हा २५ टक्के, तिसऱ्या वेळीही तेवढेच. दोन मुलं असतील तर दोघांपैकी निदान एक रुग्ण असण्याची शक्यता सुमारे ४४ टक्के होते. एक वाहक आणि एक एए असेल तर एसएस मूल होत नाही, पण निम्मी शक्यता एएसची राहते. एक एसएस आणि दुसरा एएस असेल तर रुग्णाची शक्यता ५० टक्के.

याच गणितातली एक बारीक चूक शिकलेल्यांकडूनही होते. ताई एसएस आहे, भाऊ धडधाकट आहे, आई-वडील दोघे एएस. भाऊ वाहक असण्याची शक्यता किती? पटकन उत्तर येतं, निम्मी. पण भाऊ आजारी नाही हे आपल्याला माहीत आहे, म्हणून शक्यतांच्या चार घरांपैकी एसएसचं घर आधीच बाद झालं. उरली तीन, त्यांतली दोन एएसची. म्हणजे तीनात दोन. सोयरीक जुळवताना हा फरक मोठा आहे. आणि अंदाज बांधत बसण्यापेक्षा तपासणी सोपी.

फक्त सिकलला सिकल ताडून पाहणं

“मुलगा सिकल निगेटिव्ह आहे” एवढ्यावर सुटकेचा निःश्वास टाकू नका. सोल्युबिलिटी टेस्ट थॅलेसेमियाचा वाहक पकडत नाही, हिमोग्लोबिन डी हा दुसरा बदललेला प्रकारही पकडत नाही. मुलगी एएस आणि मुलगा बीटा थॅलेसेमियाचा वाहक असेल तर २५ टक्के शक्यतेने सिकल-बीटा थॅलेसेमियाचं मूल होतं. म्हणून जोडीदाराची सीबीसी (रक्तपेशींची मोजणी) आणि एचपीएलसी दोन्ही हवीत. लोहाची कमतरता असली तर थॅलेसेमियाच्या वाहकात एरवी वाढलेलं ए२ खाली ओढलं जाऊन तो वाहक लपू शकतो. शंका असेल तर लोह भरून काढून पुन्हा तपासायचं. हा आजार फक्त आदिवासींचा आहे असं धरून चालणंही घातक. विदर्भात अनुसूचित जाती आणि इतर मागासवर्गीयांतही तो आहे.

तपासणी फक्त मुलीची मागतात, ही आणखी एक खोड. एसएस बाळाला एस दोन्ही बाजूंनी मिळालेलं असतं. सुनेला बोल लावणाऱ्या घरात मुलाचा कागद मागून पाहा, आवाज खाली येतो.

दुसऱ्या आजारात तोच अर्थ लावणं

सिकलसेलमधून शिकलेला ‘वाहक म्हणजे निरोगी’ हा अर्थ सगळीकडे चालत नाही. हिमोफिलियाचं, म्हणजे रक्त नीट न गोठण्याच्या आजाराचं, जनुक एक्स गुणसूत्रावर असतं. तिथे वाहक स्त्रीचे मुलगे निम्म्या शक्यतेने रुग्ण होतात, नवरा पूर्ण निरोगी असला तरी. शिवाय काही वाहक स्त्रियांतच रक्त गोठवणारा घटक कमी असतो. पाळीत, बाळंतपणात, दात काढताना त्यांना जास्त रक्तस्राव होतो. बीआरसीए या कर्करोगाशी जोडलेल्या जनुकाच्या बाबतीत तर ‘वाहक’ शब्द पार उलटा पडतो. त्या बदलाची एक प्रत पुरेशी असते. अशा स्त्रीला वयाच्या ऐंशीपर्यंत स्तनांचा कर्करोग होण्याची शक्यता ७० टक्क्यांच्या आसपास जाते. “अहो, मी नुसती वाहक आहे” म्हणून तिने तपासण्या टाळल्या तर जिवावर बेतेल. त्यामुळे रिपोर्टवर हा शब्द दिसला की डॉक्टरांना पहिला प्रश्न विचारा: कशाचा वाहक, आणि मला स्वतःला त्याचं काय?

पाचव्या महिन्यापर्यंत थांबणं

दोघेही एएस आहेत आणि दिवस राहिले आहेत, तर वाट बघू नका. सिकलसेल सोनोग्राफीत दिसत नाही. पाचव्या महिन्यात ‘बाळ चांगलं आहे’ असं सांगितलं तरी ते याबद्दल नसतं. गर्भाची तपासणी वारेचा बारीक तुकडा घेऊन साधारण अकराव्या-बाराव्या आठवड्यात करता येते, नंतर गर्भजलातूनही करता येते. गर्भलिंगनिदानाला बंदी असली तरी हिमोग्लोबिनच्या आजारांसाठी गर्भतपासणीला पीसीपीएनडीटी कायद्यात मुभा आहे, फक्त केंद्र नोंदणीकृत हवं. त्याआधी आई-वडिलांची डीएनए तपासणी लागते आणि तिला वेळ जातो, म्हणून पाळी चुकल्याबरोबर प्राथमिक आरोग्य केंद्रात सांगायचं. ही तपासणी करायची की नाही आणि पुढे काय करायचं, हा निर्णय त्या दोघांचाच. नको असेल किंवा वेळ निघून गेली असेल, तर जन्मल्याबरोबर बाळाची एचपीएलसी करून घ्या. ते एसएस निघालं तर दोन-तीन महिन्यांपासून पेनिसिलिन आणि न्यूमोकोकसची लस सुरू करता येते. हे पहिला झटका येण्याआधी व्हायला हवं.