पाइपमधून वायर अशी टाका की नंतर ओढून काढताही येईल

घरातल्या वायरी प्लॅस्टिकच्या पाइपमधून नेतात त्या नुसत्या झाकायला नाही, उद्या एखादी वायर खराब झाली तर भिंत न फोडता जुनी ओढून नवी घालता यावी म्हणूनपण, आणि काम करताना हेच सारखं डोक्यात ठेवायचं.

आधी मेन स्विच बंद करा आणि सप्लाय खरंच गेलाय का ते टेस्टरने बघा, पण तोच टेस्टर त्याआधी चालू लाइनवर लावून तो चालतोय ना हे नक्की करा.

पाइपच्या साइजमध्ये कंजूषी नको. तीन किंवा जास्त वायरी असतील तर आतली साधारण 40 टक्केच जागा भरायची, गच्च भरलं की ओढताना इन्सुलेशन सोलतं आणि वायरी तापतातही. 20 की 25 मिमी असा प्रश्न पडला तर सरळ 25 घ्या.

पाइप हॅकसॉने कापला की कडेला आतून बारीक धार राहते, बोट फिरवलं की लगेच कळते. ती चाकूने किंवा कानशीने साफ करा, ह्याला दोन मिनिटं लागतात पण बरेच जण करत नाहीत आणि वायर नेमकी तिथेच कापली जाते. वाकवायचं असेल तर त्याच साइजची बेंडिंग स्प्रिंग आत घालून गुडघ्यावर हळूहळू वाकवा, हवं त्यापेक्षा थोडं जास्तच, कारण सोडल्यावर पाइप जरा परत येतो. दोन बॉक्सच्या मध्ये काटकोनातले चारपेक्षा जास्त बेंड नकोत, माझं मत विचाराल तर दोनच बरे, जास्त लागत असतील तर मध्ये जंक्शन बॉक्स टाका.

सॉकेट (दोन पाइप जोडायचा तुकडा), बेंड सगळं पाइप चिकटवायच्या सोल्युशनने चिकटवून, सॅडल (पाइप भिंतीला धरणारी पट्टी) मारून, सोल्युशन पूर्ण सुकल्यावरच वायर घालायची, ओलं असताना घातली तर ती आत चिकटून बसते.

मग फिश टेप (वायर ओढायची लांब लवचिक पट्टी) एका टोकाकडून सारा, ती पलीकडे निघाली की वायरींची टोकं एकाखाली एक अशी पुढेमागे ठेवून तिला बांधा, वरून चिकट इन्सुलेशन टेप गुंडाळा म्हणजे डोकं निमुळतं होतं आणि बेंडमध्ये अडत नाही. फेज, न्यूट्रल, अर्थिंग सगळं एकदमच ओढा, एकाने ओढायचं आणि दुसऱ्याने पलीकडून वायर सरळ करत सोडायची. अडली तर हिसका देऊ नका, थोडी मागे घेऊन परत ओढा. जॉइंट पाइपच्या आत कधीच नाही, फक्त बॉक्समध्ये. इंटरनेटची केबल वेगळ्या पाइपमधून.

प्रत्येक बॉक्समध्ये वीतभर वायर जास्त सोडा, आणि बोर्डाची कनेक्शन्स नि टेस्टिंग लायसन्सवाल्या इलेक्ट्रिशियनकडून करून घेतल्याशिवाय सप्लाय चालू करू नका.