फ्यूज बीड्सच्या वस्तू घरी कशा कराव्यात: खरी कसोटी इस्त्रीची

फ्यूज बीड्स म्हणजे प्लास्टिकच्या नळीचे बारके तुकडे वाटावेत असे पोकळ मणी. खुंट्यांच्या पाटीवर ते एकेक करून रचायचे, वर कागद ठेवून इस्त्री फिरवायची, की मणी मऊ होऊन एकमेकांना चिकटतात. रचायला फक्त चिकाटी लागते. वस्तू बिघडते ती इस्त्रीपाशी.

मणी मुख्यतः तीन मापांत मिळतात. डेन्मार्कच्या 'हामा' कंपनीने त्यांना मिनी, मिडी आणि मॅक्सी अशी नावं दिली आहेत: साधारण 2.5, 5 आणि 10 मिलिमीटर. सुरुवात मिडीने करा. मिनी मणी चिमट्याशिवाय धरवत नाहीत आणि पहिल्याच दिवशी हात टेकायला लावतात. दोन कंपन्यांचे मणी एका वस्तूत शक्यतो मिसळू नका, एक वितळून सपाट होतो तरी दुसरा तसाच उभा असतो. घरात तीन वर्षांखालचं मूल असेल तर मणी त्याच्या हाती लागणार नाहीत असे ठेवा, घशात अडकू शकतात.

बाकी सामान थोडंच: खुंट्यांची पाटी, बटर पेपर, मास्किंग टेप, टूथपिक आणि साधी इस्त्री.

नमुना आधी चौकटींच्या कागदावर रंगवून घ्या. एक चौकट म्हणजे एक मणी. जुन्या व्हिडिओ गेममधली चित्रं किंवा क्रॉस-स्टिचचे नमुने इथे चपखल बसतात. मिडी मण्यांच्या 20 बाय 20 चौकटी म्हणजे 400 मणी आणि 10 सेंटिमीटरचा चौकोन, कपाखाली ठेवायला अगदी बेताचा. आधी बाह्यरेषा रचा, मग आतला भाग भरा. एखाद्या भागाला शेजारचा मणी फक्त कोपऱ्यातच टेकत असेल, तर तो पुढे तुटणार हे धरून चाला.

आता इस्त्री. वाफ बंद, आच मध्यम, खाली टणक आणि सपाट जागा, खिडकी उघडी. लहान मुलांनी मणी रचावेत, इस्त्री मात्र मोठ्यांनी धरावी.

थेट पाटीवर इस्त्री करता येते, पण पाटीही प्लास्टिकचीच. मोठ्या नमुन्याला वेळ जास्त लागतो, तेवढ्यात ती वाकते आणि कायमची वाया जाते. म्हणून मी टेपची रीत पसंत करते. रचलेल्या मण्यांवर मास्किंग टेपच्या पट्ट्या किंचित एकमेकींवर चढवून लावा आणि प्रत्येक मणी चिकटेल अशा नीट दाबा. प्रत्येक मण्याच्या भोकावर टूथपिकने टेपला छिद्र पाडा, म्हणजे गरम हवा अडकून राहत नाही. हे काम कंटाळवाणं आहे, तरी टाळू नका. मग सगळं उलटं करून पाटी अलगद उचला. मणी टेपवर राहतात आणि त्यांची उघडी बाजू वर येते.

त्यावर बटर पेपर ठेवून इस्त्री हलक्या हाताने गोल गोल फिरवा. दाबू नका, आणि एका जागी थांबूही नका. दहा-पंधरा सेकंदांनी कागदाचा कोपरा उचलून बघा. भोकं लहान होऊन कडा जुळल्या असतील तर पुरे. मधले मणी चिकटले आणि कडेचे सुटे राहिले, हा नेहमीचा घोळ, त्यामुळे कडांवरून इस्त्री मुद्दाम फिरवा. भोकं पूर्ण बुजवायची की गोल दिसू द्यायची, हा आवडीचा प्रश्न. मला भोकं दिसलेली आवडतात, पण भोकं बुजवली की वस्तू जास्त घट्ट होते.

कागद न काढता लगेच वर जाड पुस्तक ठेवा. गरम तुकडा तसाच सोडला तर थंड होताना वाकतो. निवल्यावर टेप काढा, दुसऱ्या बाजूलाही तशीच इस्त्री करून पुन्हा पुस्तकाखाली ठेवा. तरीही वाकलाच, तर कागदाखाली थोडा गरम करून पुन्हा दाबता येतो.

किचेन करायची असेल तर वरच्या एका मण्याचं भोक उघडं राहू द्या, कडी त्यातूनच ओवता येते. सपाट तुकडे खाचांत अडकवून डबी किंवा पेनस्टँड जोडायचा तर भिंतींच्या तुकड्यांना इस्त्री कमीच करा. मणी फार पसरले की खाचा अरुंद होतात आणि तुकडे एकमेकांत बसत नाहीत. आणि कपाखालच्या त्या चौकोनावर कप चालतो, पण चुलीवरून उतरवलेलं भांडं ठेवू नका.