चवींच्या वहीत पान कसं भरायचं

पान वाचलं की त्यावर लिहिलेली चव पुन्हा जिभेवर आणणाऱ्या चवींच्या वहीची अट एकच, पण कडक: घास तोंडात असतानाच लिहायचं. गिळून झाल्यावर लिहिलेली ओळही वही ठेवून घेते, पण पुढे ती वाचताना जिभेवर काहीच उतरत नाही. म्हणून ताट समोर यायच्या आधीच वही उघडून पेन्सिल हातात घ्यावी. शाई वापरू नये. गरम पदार्थाच्या वाफेने शाई पसरते, आणि अक्षर पसरलं की त्यातली चवही पसरट होते.

पदार्थाचं नाव आधी लिहू नका. ‘टोमॅटोचं सूप’ एवढं लिहिलं की आजवर प्यायलेली सगळी सूपं पानावर गर्दी करतात आणि समोरच्या वाटीतलं त्यात हरवून जातं. नावासाठी तळाशी जागा सोडा, ते शेवटी भरा.

पहिली ओळ वासाची. आपण जिला चव म्हणतो तिचा मोठा वाटा नाकाचा असतो. नाक चिमटीत धरून सफरचंदाची फोड चावून बघा. गोड कळेल, आंबट कळेल, करकर ऐकू येईल, पण सफरचंद काही भेटणार नाही. चिमटी सोडली की घशामागून वर चढलेली हवा नाकात पोचते आणि सफरचंद येतं. त्यामुळे वासाच्या दोन ओळी लागतात: एक घासाआधी आत ओढलेल्या वासाची, दुसरी चावताना श्वासाबरोबर बाहेर येणाऱ्या वासाची. दोन्ही एकच असतील असं धरून चालू नका; कॉफीत तर त्या फारच वेगळ्या निघतात. पहिलीच ओळ लिहिलेली असेल तर ते पान नुसतं दरवळतं, पोट भरल्याचं समाधान देत नाही.

मग जिभेकडे वळा. गोड, आंबट, खारट, कडू आणि उमामी, म्हणजे जिभेवर रेंगाळणारी भरदार चव. या पाचवीला मी नेहमी जास्त जागा देते, कारण ती सहज निसटते. किकुनाए इकेदा या जपानी रसायनशास्त्रज्ञाने 1908 मध्ये समुद्री शेवाळापासून ही चव देणारं ग्लुटामेट वेगळं काढलं आणि तिला नाव दिलं. पिकलेला टोमॅटो, मुरलेलं चीज, सुकवलेली अळिंबी यांत ती भरपूर असते. कोणती चव आधी आली, कोणती मागाहून, कोणती रेंगाळली, हा क्रम लिहा. वही त्याच क्रमाने ती परत देते. पानावर जिभेचं चित्र काढून टोकाला गोड, मागे कडू असे भाग मात्र पाडू नका. तो नकाशा चुकीचा आहे. सगळ्या चवी जिभेवर सगळीकडे कळतात.

तिखट, तुरट आणि पुदिन्याचा गारवा समासात लिहायचे. या चवी नाहीत, स्पर्श आहेत. मिरचीतलं कॅप्सेसिन उष्णता ओळखणाऱ्या चेतातंतूंना जागं करतं, पुदिन्यातलं मेन्थॉल गारवा ओळखणाऱ्यांना, आणि तुरट पदार्थांतलं टॅनिन लाळेतल्या प्रथिनांना धरून तोंड कोरडं करतं. वही हे स्पर्शही इमानाने जपते. तिखट पान वाचताना दूध जवळ असू द्या. कॅप्सेसिन पाण्यात फारसं विरघळत नाही.

पदार्थ किती गरम होता, तेही लिहाच. थंडपणात गोडी दबते, म्हणूनच वितळलेलं आइस्क्रीम फार गोड लागतं. काही लिहिलं नसेल तर वही चव कोमट करून देते, आणि कोमट आइस्क्रीम कुणावरही येऊ नये.

शब्दांच्या बाबतीत मी हट्टी आहे. ‘छान’, ‘अप्रतिम’, ‘चविष्ट’ असं लिहिलं की ओळ कोरीच राहते. वहीला वस्तू लागतात. माझं सगळ्यात जिवंत पान कडेने जरासा करपलेल्या पावाचं आहे: ‘आधी कोरडं लाकूड, मग भाजलेला दाणा, शेवटी जिभेच्या कडेला कडू, आणि मधल्या मऊ भागात दुधासारखं गोड.’ खरपूस रंग आणि वास देणारी ही क्रिया लुई-कामिय मेयार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने 1912 मध्ये मांडली. ती कळल्यापासून मी भाजलेल्या प्रत्येक पदार्थाच्या पानावर रंगही टिपते: फिकट सोनेरी, तांबूस, गडद. रंग गडद होतो तसा वास बदलतो, आणि नुसत्या ‘भाजलेला’ या शब्दाने वहीला ते कळत नाही.

पान कुणाच्या जिभेचं आहे, तेही नावाशेजारी लिहा. 1931 मध्ये आर्थर फॉक्स या रसायनशास्त्रज्ञाच्या प्रयोगशाळेत पीटीसी नावाची पूड हवेत उडाली. शेजारच्याला ती कडू लागली, फॉक्सला स्वतःला काहीच लागली नाही. हा फरक आनुवंशिक असतो. त्यामुळे दोघं एकाच ताटात जेवले तरी पानं दोन करावीत. घरातल्या वयस्क माणसांची पानं आधी भरून घ्या, वयाबरोबर वास ओळखण्याची ताकद कमी होते. त्यांनी सांगावं, आपण लिहावं. पान त्यांच्याच जिभेचं होतं.

वाचताना एका बैठकीत एकच पान वाचा. नाक थोड्याच वेळात वासाला सरावतं, मग पान शाबूत असूनही फिकं वाटतं. दुसरं पान वाचायचंच असेल तर आधी मोकळ्या हवेत जाऊन या आणि घोटभर साधं पाणी प्या.