मध्ययुगीन राजाराण्यांवरचे विकी-लेख तपासताय? या चुका टाळा

अनेकांनी मिळून लिहिलेला लेख तपासायला घेतला की पहिली नजर जाते ती तळाच्या संदर्भयादीकडे. साठ-सत्तर तळटीपा दिसल्या की लेख भक्कम वाटतो. पण तळटीप आहे याचा अर्थ एवढाच, की कधीतरी कुणीतरी ती तिथे टाकली. तेव्हा तिच्याआधी कोणतं वाक्य होतं, हे नुसतं पान वाचून कळत नाही. त्यासाठी पानाचा इतिहास, म्हणजे प्रत्येक संपादनाची नोंद, उघडावा लागतो. राजघराण्यांच्या लेखांत तर हे फारच नडतं, कारण समकालीन साधनं तुटपुंजी, दंतकथा उदंड, आणि प्रत्येक येणाऱ्या-जाणाऱ्याला राणीबद्दल काहीतरी ‘माहीत’ असतंच.

तळटीप जागेवर, वाक्य मात्र भलतंच

सगळ्यात जास्त आढळणारी आणि सगळ्यात कमी पकडली जाणारी चूक हीच. समजा, रझिया सुलतानवरच्या लेखात मुळात असा मजकूर होता:

‘रझिया १२३६ साली दिल्लीच्या गादीवर आली. अमीर-ए-आखूर, म्हणजे शाही पागेचा प्रमुख असलेल्या याकूत या हबशी सरदारावर तिची मर्जी होती. तुर्क अमिरांना ते खुपत होतं. [४]’

चौथी तळटीप मिन्हाज-उस-सिराजच्या ‘तबकात-ए-नासिरी’ची. मिन्हाज रझियाचा समकालीन. ग्रंथ त्याने १२६० मध्ये पुरा केला. इथपर्यंत सगळं ठीक. मग दोन वर्षांनी कुणीतरी [४]च्या अगदी आधी एक वाक्य घुसवतो: ‘दोघांच्या प्रेमसंबंधांची दरबारात उघड चर्चा होती.’ आता पान बघणाऱ्याला वाटणार, हे मिन्हाजच सांगतोय. मिन्हाज मर्जी आणि मत्सर यांच्यापलीकडे जात नाही. संशयाची बोटं दाखवतात ते तवारीखकार इसामी आणि प्रवासी इब्न बतूता, आणि ते दोघंही रझियाच्या मृत्यूनंतर शतकभराने लिहिणारे.

यावर उपाय करताना क्रम सांभाळा. आधी [४] उचलून तिच्या खऱ्या वाक्याला चिकटवा. मग उघड्या पडलेल्या वाक्याला ‘संदर्भ हवा’ ही खूण लावा किंवा ते चर्चा पानावर हलवा. ते खोडूनच टाकायला हवं असं नाही. ‘शंभर वर्षांनी लिहिणाऱ्या इसामीने असा संशय घेतला आहे’ असं नाव आणि काळ सांगून लिहिलं, आणि त्याचा संदर्भ स्वतंत्र दिला, तर ते राहू शकतं. कोणतं वाक्य कोणत्या संपादनात आलं हे शोधायला विकीब्लेमसारखं साधन वापरा. शेकडो आवृत्त्या हाताने चाळणं म्हणजे संध्याकाळ वाया.

टक्केवारी बघून निकाल देणं

इअरविगचा कॉपीव्हायो डिटेक्टर (नक्कल शोधणारं साधन) लेखाची वेबवरच्या पानांशी तुलना करून साम्याची टक्केवारी देतो. साधन उत्तम आहे, पण निकाल देणं हे त्याचं काम नव्हे. राजघराण्यांच्या लेखात लांबलचक पदव्या, तहांची नावं, बखरकारांची शब्दशः अवतरणं असतात. ती दोन्हीकडे सारखीच असणार, त्यामुळे आकडा फुगतो. उलट छापील पुस्तकातून जसाच्या तसा उतरवलेला परिच्छेद वेबवर नसेल तर आकडा नगण्य येतो. दुसऱ्या भाषेतून अनुवाद करून आणलेला मजकूर तर त्याला दिसतच नाही.

मोठा आकडा आला की पुढचा प्रश्न: कुणी कुणाचं उचललं? विकिपीडियाचा मजकूर जसाच्या तसा छापणारी संकेतस्थळं भरपूर आहेत. लेखच बांधून विकली जाणारी ‘पुस्तकं’सुद्धा आहेत. इथेही इतिहास कामाला येतो. वादग्रस्त परिच्छेद थोडाथोडा वाढला असेल, एकाने तारीख घातली, दुसऱ्याने वाक्य मोडून दोन केली, तिसऱ्याने शुद्धलेखन सुधारलं, आणि बाहेरच्या पानावर नेमकं शेवटचं रूप असेल, तर उचलेगिरी त्या पानाने केली आहे. याउलट एकाच संपादनात, एकाच सदस्याने, पाच परिच्छेद एकदम आणून ओतले असतील तर कान टवकारा. त्यात ‘वर सांगितल्याप्रमाणे’ असेल आणि वर काहीच सांगितलेलं नसेल, ‘आकृती ३ पाहा’ असेल आणि आकृतीचा पत्ता नसेल, स्कॅन केलेल्या पानातून आलेली तुटकी जोडाक्षरं असतील, तर फार शोधाशोध करायची गरज उरत नाही. बाहेरच्या पानाची सगळ्यात जुनी नोंद वेबॅक मशीनवर (वेबपानांच्या जुन्या प्रती साठवणाऱ्या संकेतस्थळावर) कधीची आहे तेही बघून घ्या. मात्र तिथली पहिली नोंद म्हणजे पानाची जन्मतारीख नव्हे, पान त्याआधीही असू शकतं.

शब्द बदलले की काम झालं, असा समज

हे नीट समजून घ्यायला एक नमुना घेऊ. तो याच कामासाठी रचलेला आहे. विषय इंग्लंडचा पहिला हेन्री. मूळ पुस्तकात असं आहे धरा:

‘मुलाच्या मृत्यूने खचलेल्या राजाने वारसाचा पेच सोडवण्यासाठी घाईने दुसरं लग्न केलं, पण मूल झालं नाही आणि अखेर त्याला सरदारांकडून मुलीच्या बाजूने शपथ वदवून घ्यावी लागली.’

आणि लेखात: ‘पुत्रनिधनाने खचून गेलेल्या हेन्रीने वारसाची समस्या मिटवण्याकरता लगबगीने पुनर्विवाह केला, मात्र अपत्यप्राप्ती न झाल्याने शेवटी त्याला सरदारांना मुलीच्या बाजूने शपथ घ्यायला लावावं लागलं.’

बहुतेक शब्द बदललेत, सांगाडा तोच. यात कुणाच्याच मालकीचं नसलेलं काय आहे? ११२० मध्ये व्हाइट शिप बुडून राजपुत्र विल्यम गेला. ११२१ मध्ये हेन्रीने अडेलायझाशी लग्न केलं. ११२७च्या सुरुवातीला सरदारांनी माटिल्डाला वारस मानण्याची शपथ घेतली. ही घटितं कुणीही लिहावीत. पण ‘खचलेला’, ‘घाईने’, ‘अखेर’ हे लेखकाचं मत आहे, आणि तीन घटना एका दमात ओवून त्यांची कारणमीमांसा करणं हीसुद्धा त्याचीच कामगिरी. त्यामुळे समानार्थी शब्दांची अदलाबदल हा उपाय नाहीच, तो लपवाछपवीचा प्रकार झाला. पुस्तक मिटा, नुसती घटितं कागदावर उतरवा, दुसरा एखादा इतिहासकार काय म्हणतो ते बघा आणि मग लिहा. मत घ्यायचंच असेल तर ज्याचं आहे त्याच्या नावाने घ्या.

‘जुना ग्रंथ आहे, मुक्त आहे’

ब्रिटानिकाची १९१०-११ची अकरावी आवृत्ती प्रताधिकारमुक्त आहे. इंग्रजी विकिपीडियावरचे कितीतरी जुने लेख तिच्यावरच उभे राहिले. तिथून मजकूर घ्यायला कायद्याची आडकाठी नाही. भारतातही लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी ग्रंथ मुक्त होतो. पण प्रताधिकार संपला म्हणून श्रेय देण्याची जबाबदारी संपत नाही. ‘हा मजकूर अमुक ग्रंथातून घेतला आहे’ असं लेखात स्पष्ट लिहायलाच हवं, नुसती तळटीप पुरत नाही. दुसरं असं, की शंभर वर्षांपूर्वीचा निवाडा आजचा म्हणून खपवला जातो. एलियट-डाऊसनचे आठ खंड (१८६७ ते १८७७) अजूनही सर्रास संदर्भ म्हणून येतात. ते फारसी तवारिखांतले निवडक उतारे आहेत, आणि त्यांतल्या चुका दाखवणारा होडीवालांचा ग्रंथ १९३९ मध्येच निघाला आहे.

अनुवादाचं श्रेय आणि न वाचलेल्या तळटीपा

मराठी विकिपीडियावर हे रोजचं आहे. इंग्रजी लेख आणला, तळटीपा जशाच्या तशा चिकटवल्या, कुठून आणलं याची नोंद नाही. मूळ लेख खुल्या परवान्यात असला तरी त्या परवान्याची पहिली अट श्रेयाचीच आहे. संपादनाच्या सारांशात मूळ पानाचं नाव आणि दुवा द्या. राहून गेलं असेल तर नंतर एक छोटं संपादन करून तेवढी नोंद करता येते.

तळटीपांचा प्रश्न जास्त चिवट. अनुवादकाने ते पुस्तक पाहिलेलंच नसतं. मूळ लेखात पृष्ठ क्रमांक चुकला असेल तर इथेही तोच चुकतो, आणि ती चूकच मग पुरावा ठरते. दोन लेखांत एकच चुकीचं पान, एकच स्पेलिंगची घोडचूक दिसली की दोघांनी स्वतंत्रपणे पुस्तक उघडलं असेल यावर विश्वास ठेवू नका. तपासताना निदान चार-पाच तळटीपा, त्याही लेखातल्या सर्वांत धाडसी विधानांच्या, पुस्तक समोर ठेवून पडताळा.

एक नाव, चार बायका

पहिल्या हेन्रीची राणी माटिल्डा. मुलगी माटिल्डा. त्याच्यानंतर गादी बळकावणाऱ्या स्टीफनची राणीही माटिल्डा. हेन्रीची आईसुद्धा माटिल्डाच. ११४१च्या यादवीत तर हेन्रीची मुलगी आणि स्टीफनची राणी एकमेकींविरुद्ध उभ्या होत्या. एकीच्या लेखातली तळटीप दुसरीच्या पानावर जाते, वाक्य खरंही वाटतं. अशा घराण्यांत संदर्भग्रंथाची सूची बघून, ते पृष्ठ नेमकं कुणाच्या नोंदीखाली येतं हे तपासा.

तारखांबद्दल थोडक्यात. इंग्लंडात मध्ययुगाचा बराच काळ वर्ष २५ मार्चला बदलत असे. तिसरा एडवर्ड गादीवर आला ते जानेवारी १३२७, जुन्या गणनेने १३२६. हिजरी वर्ष बहुधा दोन इसवी सनांत विभागलेलं असतं. शकात ७८ मिळवायचे, पण वर्षाच्या अखेरच्या, जानेवारी ते मार्चमधल्या तिथींना ७९. त्यामुळे ‘चुकीची’ तारीख दुरुस्त करणाऱ्याचं संपादन आधी तपासा. जन्मवर्षाबाबत तर माहितीचौकटीत (लेखाच्या कडेला असलेल्या थोडक्यात माहितीच्या चौकटीत) ठाम आकडा दिसला की थबका. एलिनॉर ऑफ अक्विटेनइतक्या प्रसिद्ध राणीचाही जन्म ११२२चा की ११२४चा यावर एकमत नाही. हौशी वंशावळींची संकेतस्थळं मात्र दिवसासकट तारीख देतात. ती संदर्भ म्हणून चालत नाहीत.

सापडलं, पुढे काय?

उचललेला मजकूर काढला तरी तो जुन्या आवृत्त्यांत वाचता येतोच. त्या लपवणं हे प्रचालकाचं (विशेष अधिकार असलेल्या सदस्याचं) काम, म्हणून चर्चा पानावर मूळ ग्रंथ, पृष्ठ आणि ज्या संपादनात मजकूर आला त्याचा दुवा, तिन्ही द्या. सदस्याला कळवताना ‘चोरी’ शब्द टाळा. पुष्कळांना खरोखरच वाटत असतं की तळटीप दिली म्हणजे मजकूर घेता येतो. आणि त्या सदस्याचं योगदान पान उघडा. राजघराण्यांवर लिहिणारा सहसा एकाच राजावर थांबत नाही. पुस्तक तेच असेल तर त्या राजाचा बाप, राणी आणि वारस यांचे लेख त्याच आठवड्यात, त्याच हाताने लिहिलेले सापडतात. तिथून सुरुवात करा.