ब्रिटिश पेपरात टीव्ही क्रिटिक कसं व्हायचं

मास कॉम करणाऱ्या पोरापोरींकडून हा प्रश्न अधूनमधून येतो, की लंडनच्या पेपरात ते टीव्हीवर लिहिणारे असतात ना, सिरियली बघून पगार घेणारे, तसं व्हायला काय करावं लागतं. तर आधीच सांगून टाकतो, पगारी नोकरी असलेले टीव्ही क्रिटिक आता फार थोडे उरलेत, बाकी सगळा फ्रीलान्सचा मामला आहे, आणि सिरियली बघणं हा त्यातला सगळ्यात सोपा भाग.

आता हे काम मुळात काय आहे ते कळलं नाही तर पुढचं सगळं वाया. नाटकाच्या क्रिटिकचं ठीक असतं, त्यानं वाईट लिहिलं तर लोक तिकीट काढत नाहीत. टीव्हीचं तसं नव्हतंच कधी. जुन्या पद्धतीत रात्री कार्यक्रम लागायचा, क्रिटिक घरी बसून बघायचा, लगेच फोनवरून मजकूर सांगायचा आणि सकाळी तो छापून यायचा. तोवर कार्यक्रम होऊन गेलेला! म्हणजे बघा किंवा बघू नका हे सांगून उपयोगच नाही, वाचणाऱ्यानं एकतर काल तेच बघितलंय नाहीतर त्याला बघायचंच नव्हतं. तरीसुद्धा लोक पेपर उघडून आधी तो कॉलम वाचायचे, कारण लिहिणारा भारी असायचा. ब्रिटनमध्ये ही परंपरा अशी पडली की टीव्हीचा कॉलम म्हणजे लेखनाची जागा, रेटिंगची नाही. आता स्टार देतात, ओटीटीवर वर्षभर सगळं पडून असतं, पण एडिटर अजूनही तेच शोधतो, म्हणजे ज्याला ती मालिका बघायची नाही त्यालाही शेवटपर्यंत वाचत ठेवणारा माणूस.

मोठ्या नावांचा प्रवास बघा म्हणजे पटेल. नॅन्सी बँक्स-स्मिथ या बाईंनी सुरुवात केली ब्लॅकबर्नच्या लोकल पेपरात रिपोर्टर म्हणून, मग इकडेतिकडे करत १९६९ मध्ये गार्डियनला आल्या आणि तिथे दशकानुदशकं लिहीत राहिल्या, मधे सरकारनं ओबीई हा सन्मान देऊ केला तर तोही नाकारला. क्लाइव्ह जेम्स ऑस्ट्रेलियन, सिडनीहून आलेला, केंब्रिजला शिकला, कविता करायचा, आणि १९७२ ते १९८२ ऑब्झर्व्हरमध्ये दर रविवारी टीव्हीवर लिहायचा, कुस्ती असो, बातम्या असोत की शेक्सपियर, सगळ्याला एकच माप. ते कॉलम पुढे पुस्तकरूपानं आले. ए. ए. गिलची तर गंमतच, माणूस आर्ट स्कूलचा, डिस्लेक्सिया इतका की स्वतः लिहून पाठवणं अवघड, म्हणून फोनवरून कॉलम सांगायचा, आणि तरी संडे टाइम्समध्ये १९९३ पासून २०१६ ला वारला तोपर्यंत टिकला. चार्ली ब्रूकर आधी व्हिडिओ गेमच्या मासिकात होता, मग टीव्हीच्या टाइमटेबलचं विडंबन करणारी एक वेबसाइट चालवायचा, त्यावरून २००० मध्ये गार्डियनच्या शनिवारच्या पुरवणीत कॉलम मिळाला आणि २०११ मध्ये त्यानं ब्लॅक मिरर ही मालिका काढली. डेनिस पॉटर आणि ज्युलियन बार्न्सही आधी टीव्हीवर कॉलम लिहायचे, नंतर एक नाटककार म्हणून गाजला आणि दुसरा कादंबरीकार म्हणून. यात एकही जण टीव्हीचा कोर्स करून आलेला नाही.

म्हणून तुम्ही पण थेट क्रिटिक व्हायच्या मागे लागू नका. एनसीटीजेचा डिप्लोमा करा, म्हणजे तिकडची पत्रकारांची जी ट्रेनिंग संस्था आहे तिचा, त्यात बातमी लिहिणं, मीडिया लॉ, शॉर्टहँड वगैरे शिकवतात. बोअर आहे, पण जमल्यास लोकल पेपरात किंवा मासिकात एखादं वर्ष काढा, तिथे चाळीस मिनिटांत चारशे शब्द देण्याची सवय लागते आणि या धंद्यात ती सवय म्हणजे अर्धी लढाई.

दार उघडतं ते बहुतेक वेळा छोट्या प्रिव्ह्यूंमधून, म्हणजे कार्यक्रम लागायच्या आधी छापायच्या चार ओळींमधून. १९९१ पर्यंत तिकडे आठवडाभराचं टीव्हीचं टाइमटेबल छापायचा हक्क फक्त दोन मासिकांकडे होता, बीबीसीचं रेडिओ टाइम्समध्ये आणि आयटीव्हीचं टीव्ही टाइम्समध्ये. तो कायदा बदलला आणि प्रत्येक पेपरनं स्वतःची गाइड काढली, आणि त्या चौकटी भरायला माणसं लागायला लागली. आज रात्री काय बघाल, साठ-सत्तर शब्द, बस. नाव येतं बारीक अक्षरात, पण साठ शब्दांत विनोद, माहिती आणि मत बसवता आलं तर मोठा कॉलम जमतोच.

सरावाचं सांगतो. कुठलीही ब्रिटिश गुन्हेगारी मालिका घ्या, समुद्रकिनारा, पाऊस, दुःखी इन्स्पेक्टर, ती असतेच. आपल्याकडे सवय अशी की 'अभिनय दमदार, कथा थोडी संथ, छायाचित्रण उत्तम' असं लिहून मोकळं व्हायचं. हे वाक्य कुठल्याही मालिकेला लागू पडतं, म्हणजे कुठल्याच नाही. त्याऐवजी वही घेऊन बसा आणि नक्की काय दिसतंय ते टाइमकोडसकट लिहा. समजा पहिल्या एपिसोडात इन्स्पेक्टर चार वेळा समुद्राकडे बघत उभा राहिला. मग लिहा, 'इन्स्पेक्टरनं चार वेळा समुद्राची चौकशी केली, समुद्रानं काहीही माहिती दिली नाही.' यात संथ हा शब्द न वापरता संथपणा आला, वाचणारा हसला, आणि मालिका न बघितलेल्यालाही चित्र दिसलं. आता पुढचं वाक्य खरं अवघड, कारण नुसती टिंगल तीन पॅरा टिकते, चौथ्यात सांगावंच लागतं की ही मालिका नेमकं काय करू बघतेय आणि कुठे गंडलीय. आणि एखादी गोष्ट चांगली असेल तर तिचं कौतुकही असंच नेमकं करायचं, ते टिंगलीपेक्षा दुप्पट कठीण जातं. रोज एक रिव्ह्यू, असं दोन महिने करून बघा.

कामाचा दिवस कसा असतो, तर चॅनलची पीआर टीम प्रिव्ह्यूची लिंक पाठवते, त्यावर बऱ्याचदा तुमच्या नावाचा वॉटरमार्क असतो (लीक झालं तर कुणाकडून ते लगेच कळावं म्हणून), आणि सोबत एम्बार्गो, म्हणजे अमुक वेळेआधी छापायचं नाही. एम्बार्गो मोडला की लिंका बंद, आणि लिंका बंद म्हणजे धंदा बंद. शेवट फोडायचा नाही हे तर सांगायलाच नको. कॉपी पाठवली की सब-एडिटर जागेप्रमाणे कापणार, बहुतेकदा शेवटून, त्यामुळे सगळ्यात भारी वाक्य शेवटच्या ओळीसाठी राखून ठेवायचं धाडस सुरुवातीला तरी करू नका.

आता कायद्याचं, हे नीट वाचा. मत मांडायला तिकडे बऱ्यापैकी मोकळीक आहे, २०१३ च्या डिफमेशन कायद्यात प्रामाणिक मताला बचाव दिलाय, पण ते मत आहे हे दिसलं पाहिजे आणि ते कशावरून बनलं तेही थोडक्यात सांगितलेलं पाहिजे. कामावर बोला, शरीरावर नको. ऐंशीच्या दशकात नीना मिस्कोव या संडे पीपलच्या क्रिटिकनं शार्लट कॉर्नवेल या अभिनेत्रीच्या शरीरावर कॉमेंट केली, तर तिनं कोर्टात खेचलं, अपिलानंतर केस परत चालली आणि दोन्ही वेळा ज्युरीनं अभिनेत्रीच्या बाजूनं निकाल दिला. गिलनं २०१० मध्ये प्रेझेंटर क्लेअर बॉल्डिंगच्या लैंगिकतेवरून शेरा मारला, तेव्हाही प्रेस कम्प्लेंट्स कमिशननं तक्रार मान्य केली. एवढा मोठा लेखक, पण त्या वाक्यात विनोदही नव्हता, नुसता कुचकटपणा.

आपल्या लोकांसाठी दोन वेगळ्या गोष्टी. एक, पडद्यावर हत्ती, मान्सून किंवा ब्रिटिश राज दिसला की एडिटर तुम्हालाच फोन करणार. २०२० मध्ये विक्रम सेठ यांच्या कादंबरीवरची मालिका बीबीसीवर आली, तेव्हा त्यातली पात्रं आपसात इतकं इंग्रजी का बोलतात यावर बरीच चर्चा झाली, आणि तसल्या वेळी आपल्याला खरंच जास्त कळतं, तेव्हा लिहा की. पण पहिल्या दोन पिचपैकी (पिच म्हणजे एडिटरला पाठवायचा लेखाचा प्रस्ताव) एक तरी बेकिंगच्या शोवर नाहीतर यॉर्कशायरमधल्या पोलिसांवर पाठवा, नाहीतर कायमचे इंडियाचे एक्सपर्ट होऊन बसाल.

दुसरी गोष्ट व्हिसाची. स्टुडंट व्हिसावर असाल तर सेल्फ-एम्प्लॉयमेंट चालत नाही, आणि फ्रीलान्स रिव्ह्यू लिहून इन्व्हॉइस पाठवणं त्यातच मोडतं, पैसे किती का कमी असेनात. त्यामुळे शिकताना कॉलेजच्या पेपरात फुकट लिहून कात्रणं जमवा, पुढे ग्रॅज्युएट व्हिसावर फ्रीलान्स चालतं तेव्हा तीच कात्रणं उपयोगी पडतात.

पिचचा ईमेल छोटा ठेवा. कुठली मालिका, कधी येतेय, तुमचा मुद्दा एका वाक्यात, दोन कात्रणांच्या लिंका, आणि मालिका येण्याच्या दोन-तीन आठवडे आधी. 'मला लहानपणापासून टीव्ही आवडतो' हे वाक्य नको, तो सगळ्यांनाच आवडतो. होकार आला की लगेच, लाज न बाळगता, फी किती, शब्द किती आणि छापलं नाही तर किल फी मिळेल का, हे ईमेलवरच विचारून घ्या. इन्व्हॉइसवर तारीख टाका, कारण वेगळं काही ठरलं नसेल तर तीस दिवसांनी पेमेंट लेट धरलं जातं आणि १९९८ च्या लेट पेमेंटच्या कायद्यानं बँक ऑफ इंग्लंडच्या बेस रेटवर आणखी ८ टक्के व्याज मागता येतं. प्रत्यक्षात व्याज कुणी मागत बसत नाही, पण रिमाइंडरच्या मेलमध्ये त्या कायद्याचं नाव सभ्यपणे टाकलं की अकाउंट्सवाल्यांना तुमचा इन्व्हॉइस बरोबर सापडतो.